देऊन टाकलेलं नाव

मिकीन पाच वर्षांची असताना शेजारची म्हातारी तिच्याशी बोलत नसे. कारण काय, तर मिकीनच्या आजीने म्हणे एकदा तिचा मका वाटायचा पाटा नेला होता आणि फुटका परत केला होता. ती आजी मरून सहा वर्षं झाली होती. पण तिचं नाव मिकीन आणि या पोरीचंही मिकीन, तेव्हा पाटा हिनेच फोडला, यात म्हातारीला काडीचा संशय नव्हता. पोर अंगणातून गेली की ती तोंड फिरवून बसायची. शेवटी बापच एक दिवस पोरीला हाताला धरून घेऊन गेला, तिच्या हातात चार अंडी दिली आणि तिच्याकडून "चुकलं माझं" असं वदवून घेतलं. म्हातारीने अंडी घेतली, पोरीच्या डोक्यावरून हात फिरवला आणि ढसाढसा रडली. "किती वर्षं लावलीस गं, मिकीन," म्हणाली.

बाकीच्या डोंगरात कसं असतं कोण जाणे, पण आमच्या यिचोकमध्ये नाव शोधायला कुणी बसत नाही. ते असतंच. पहिल्या मुलीला बापाच्या आईचं, दुसरीला आईच्या आईचं. मुलग्यांना आजोबांचं. ज्याचं नाव लागलं त्याच्या जागेवर पोर बसतं, त्याच्या मानासकट आणि त्याच्या भांडणांसकट. मिकीनचा बाप तसा रांगडा माणूस, लाकूडतोड्या, सगळ्या गावाला उभा-आडवा बोलणारा. पण घरात शिरताना मुलीसमोर टोपी काढायचा. तिला 'आई' म्हणायचा. "आई, जेवलीस का? आई, पाय गार पडलेत का तुझे?" मरताना त्याने तिच्याकडेच पाणी मागितलं. ती एकोणीस वर्षांची होती. तिने वाडगा त्याच्या ओठाला लावला आणि म्हणाली, "घे बाळा." खोलीत दहा माणसं होती, कुणाला त्यात काही वावगं वाटलं नाही. मूल आईच्या मांडीवर गेलं, याहून चांगलं मरण कुठलं?

तर मिकीनला आयुष्यात हवं होतं ते एवढंच. आपल्या मुलाने आपल्या नातीला 'आई' म्हणावं आणि ते आपण या कानांनी ऐकावं.

मुलगा एकच, अंतिल. त्याचा बाप कॉफीच्या मजुरांचा ट्रक दरीत गेला त्यात गेला, आणि पुढच्याच वर्षी अंतिल उत्तरेकडे निघाला. एकोणीस वर्षांचा होता. मेक्सिको, मग वाळवंट, मग ओमाहा नावाचं थंडगार गाव, जिथे तो मांसाच्या कारखान्यात दिवसभर सुरी चालवतो. त्याला आता चौदा वर्षं झाली. घराला नवे पत्रे आले, चूल जाऊन धुराडं असलेली शेगडी आली. तो काही आला नाही. पहिली तीन-चार वर्षं दर रविवारी फोनवर म्हणायचा, "पुढच्या सणाला येतो, आई." मग म्हणेनासा झाला. तिनेही विचारणं सोडलं, कारण विचारलं की तो गप्प व्हायचा, आणि फोनवरचं गप्प बसणं तिला सोसत नसे.

फोन घ्यायला ती मुलीच्या अंगणात जायची. एवुल, अंतिलची थोरली बहीण, वरच्या आळीत दिली होती, आणि रेंज काय ती तिच्या पेरूच्या झाडाखालीच यायची. म्हणून रविवारी दुपारी मिकीन स्वच्छ वेणी घालून, वेणीत लाल पट्टी गुंडाळून पेरूखाली जाऊन बसायची, आणि एवुल तिच्या हातात फोन द्यायची. या कामात एवुलची कधी कुचराई नव्हती. बाकी मायलेकींमध्ये दोन वर्षांपासून एक गाठ बसली होती, ती अशी.

एवुलला दुसरी मुलगी झाली. पहिलीला सासूचं नाव गेलं होतं, म्हणजे रीतीने दुसरीला मिकीन. एवुल बाळंतिणीच्या कपड्यातच बाळ घेऊन खाली आली आणि आईच्या मांडीवर ठेवून म्हणाली, "घे, तुझी जागा सांभाळायला आली बघ."

मिकीनने बाळाकडे पाहिलं. बाळ गोड होतं, नाक तर तिचंच होतं. आणि ती म्हणाली, "जरा थांब गं. अंतिलला होऊ दे आधी."

"अंतिलचं लग्नसुद्धा झालं नाहीये, आई."

"होईल की. नाव मुलाकडे जायचं असतं आधी."

"असं कुठे असतं? मला तर नव्हतं कुणी सांगितलं."

कुणी सांगितलं नव्हतं, कारण तसं काही नव्हतंच. पण एक नाव एका वेळी एकाच पोराला देता येतं, एवढं खरं, आणि मिकीनला ते अंतिलसाठी राखून ठेवायचं होतं. तिच्या मनात जे होतं ते तिने मुलीला सांगितलं नाही, सांगण्यासारखं नव्हतंही. ज्या माणसाच्या घरात त्याची आई लहान होऊन रांगते आहे, जो दिवसातून पन्नास वेळा तिला 'आई' म्हणतो, त्याला खरी आई विसरता येणार नाही. एक ना एक दिवस तो मुलीला दाखवायला घेऊन येईलच. नाव हा तिच्याकडचा एकुलता एक दोर होता आणि तो तिला उत्तरेकडे टाकायचा होता. एवुल तर काय, हाकेच्या अंतरावर होती. जे हाकेच्या अंतरावर असतं त्याची आपण कधी पर्वा करतो?

एवुल बाळ घेऊन उठली. मुलीला तिने नवऱ्याच्या मावशीचं नाव दिलं, पेतलोन. ती मावशी बिनलेकराची मेली होती आणि तिच्या जागेवर कुणी नव्हतं. सासरच्यांना फार बरं वाटलं.

मग गेल्या वर्षी अंतिलने एक बाई केली. येसेनिया तिचं नाव, एल साल्वादोरची, आपली भाषा न येणारी, पण स्वभावाने चांगली. फोनवर हसून स्पॅनिशमधून काहीबाही बोलायची आणि मिकीनला त्यातलं निम्मं कळायचं. पावसाळा संपता संपता अंतिलने सांगितलं की बाळ होणार आहे, आणि मुलगी आहे, तिकडे आधीच सांगतात.

त्या दिवशी मिकीन पेरूखालून उठली ती घरी गेलीच नाही. तशीच चढ चढून मामीन तुमाशकडे गेली. मामीन म्हणजे वडीलधारा, आणि तुमाश तर सगळ्या गावाचाच वडीलधारा. गावच्या वतीने पूर्वजांशी बोलायचं काम त्याच्याकडे. वय ऐंशीच्या पुढे, कानाने अधू, पण पूर्वजांच्या बाबतीत सगळं ऐकू येणारा. ती म्हणाली, माझं नाव द्यायचं आहे, लगेच द्यायचं आहे.

नाव देण्याची रीत साधी आहे. बाळ जन्मल्यावर विसाव्या दिवशी, ज्याचं नाव तो हयात असेल तर, त्याच्या मांडीवर ठेवतात, चार क्रुसांच्या टेकडीवर मेणबत्त्या लावतात, ऊद जाळतात, आणि आजी किंवा आजा बाळाच्या कानात आपलं नाव शेवटचं म्हणतो. शेवटचं, कारण त्यानंतर ते त्याचं राहत नाही. त्या नावाने कुणी हाक मारली तर ओ द्यायची नाही. लोक मग नुसतं चिकाय म्हणतात, म्हणजे आजी. पुरुष असला तर मामीन. 'आई', 'बाबा' हेही मग पोरालाच म्हणायचं असतं, मोठ्या माणसाने त्यावरचा हक्क सोडलेला असतो. हलकं वाटतं म्हणे. ओझं उतरल्यावर म्हातारी माणसं दहा दहा वर्षं मजेत जगलेली आहेत.

तुमाश म्हणाला, बाळ कुठे आहे? ती म्हणाली, पोटात. तो म्हणाला, मग होऊ दे आधी. ती म्हणाली, झाल्यावर तरी माझ्या मांडीवर कुठून येणार आहे ते? तिसऱ्या देशात आहे. आणि मला खोकला आहे, मामीन, पाच महिने झाले, रात्र रात्र जात नाही. मी आधी गेले तर माझं नाव माझ्या तोंडाने द्यायचं राहून जाईल. मरणाऱ्या माणसाला आधी देता येतं, तुम्हीच दिलंय माझ्या चुलत्याचं.

खोकला होता, हे खरं. पण मरण्याइतका नव्हता, आणि हे दोघांनाही ठाऊक होतं. "तुझ्या आजीसारखीच घाईची आहेस," तुमाश म्हणाला. शेवटी तो तयार झाला, कारण ती रडायला लागली, आणि त्याच्या हयातीत पोरं उत्तरेला जाऊन तिकडेच वाढायला लागली होती. त्यांच्यासाठी काय करायचं हे त्याला कुणी शिकवलं नव्हतं.

टेकडीवर ती, तुमाश आणि एवुल अशी तिघंच गेली. बाळाच्या जागी मिकीनने स्वतः विणलेला कमरपट्टा मांडीवर घेतला. तुमाशने मागच्या मिकीन मोजल्या, त्याला ठाऊक होत्या तितक्या. मिकीनची आजी, तिची आजी, तिची आजी, एक पटकीत गेलेली, एक जमिनीच्या मोजणीत शिपायांसमोर आडवी झालेली, एक नुसतीच "लंगडी मिकीन" म्हणून राहिलेली. त्यांच्यामागे आणखी किती होत्या, त्याला माहीत नव्हतं. मग ती त्या पट्ट्यावर वाकली आणि आपलं नाव म्हणाली. उत्तरेकडे तोंड करून म्हणाली. एवुल बाजूला उभी राहून वाऱ्यात मेणबत्त्या विझू नयेत म्हणून पदराचा आडोसा धरून होती, आणि तिचं तोंड दगडासारखं होतं.

त्या दिवसापासून गावाने तिला चिकाय म्हणायला सुरुवात केली. ती इतकी खुशीत होती की लोक तिला चिडवायचे. कुणी मुद्दाम मागून "मिकीन!" अशी हाक मारायचं, आणि ती मान ताठ ठेवून चालत राहायची. खालच्या गावातल्या दवाखान्यात तर गंमतच झाली. नर्सबाईंनी कार्डावरचं स्पॅनिश नाव पुकारलं, एकदा, दोनदा, तीनदा. ही ढिम्म. शेजारच्या बाईने कोपराने ढोसलं, "अगं, तुलाच बोलावतायत." ही म्हणाली, "ती मी नाही. ती मार्च महिन्यात यायची आहे." नर्सबाई चिडल्या, बाहेर बसलेले सगळे हसले, आणि चिकायने खोकल्याचं औषध न घेताच परत येऊन ही हकीकत आठवडाभर सांगितली.

अंतिलला मात्र तिने काही सांगितलं नाही. सांगायचं काय त्यात? यिचोकचा पोरगा, पहिली मुलगी, नाव ठरलेलं. फोनवर इतकंच म्हणाली, "माझ्याकडचं मी सगळं करून ठेवलंय, तू काळजी करू नकोस." त्याला वाटलं, बाळंतपणासाठी मेणबत्त्या लावल्या असतील. म्हणाला, "बरं केलंस, आई."

मार्चमधल्या दुसऱ्या रविवारी फोनवर बाळ दिसलं. एवुलने फोन आईच्या तोंडासमोर धरला होता. गुलाबी टोपीतलं लालबुंद तोंड, मिटलेले डोळे, मुठी. चिकायने काचेला बोट लावलं तर चित्र हललं, म्हणून तिने हात मागे घेऊन मांडीखाली दाबून धरला.

"कशी आहे?" तिने विचारलं. आणि थांबली. आता तो म्हणेल म्हणून थांबली.

"छान आहे. तीन किलोची आहे. आई, नाव माया ठेवलंय."

चिकायला वाटलं, नर्सचं नाव सांगतोय. "कुणाचं?"

"हिचं. माया. म्हणजे आपण, आई. आपले सगळे लोक. इकडे मला सगळे मेक्सिकन म्हणतात, चौदा वर्षं सांगून सांगून थकलो. हिला कुणी विचारलं, तू कुठली, तर हिला सांगायलाही नको. नावातच आहे. येसेनियाने शोधून वाचलं, अर्थही फार सुंदर दिलाय."

"अर्थ कशाला लागतो नावाला?" ती म्हणाली. "माणूस लागतं. कोण होती ही माया? आपल्यात कोण होती?"

"एकटी कुणी नाही गं. सगळेच."

"मला तर कधी कुणी माया म्हटलं नाही. माझ्या बापालाही नाही. आपण यिचोकचे."

अंतिल हसला. ते हसणं चांगलंच होतं, थकलेलं आणि सुखी. "तिकडे नाही म्हणत. पुस्तकात म्हणतात. पिरॅमिड बांधणारे, तारे मोजणारे, ते आपलेच ना."

"मग ती बसली कुणाच्या जागेवर?"

"कुणाच्याच नाही, आई. तिची स्वतःची जागा आहे. नवी कोरी."

एवढं बोलून त्याने बाळ जवळ आणलं आणि बाळाने जांभई दिली. चिकाय म्हणाली, सुंदर आहे. म्हणाली, पोट बांधा येसेनियाचं, गार पाणी देऊ नका. जे म्हणायचं असतं ते सगळं म्हणाली.

त्याचं चुकलं काय? हा प्रश्न तिने त्या आठवड्यात स्वतःला शंभरदा विचारला. मुलीला त्याने सगळ्या लोकांचं नाव दिलं होतं, एका म्हातारीचं देण्यापेक्षा ते मोठंच की. चौदा वर्षं जिथे कुणी आपल्याला ओळखत नाही अशा ठिकाणी राहिलं की माणसाला मोठं नाव लागत असेल. तो गाव विसरला नव्हता. त्याने गावाला मिठी मारली होती, आणि त्या मिठीत आई तेवढी राहून गेली होती. ती त्याच्यावर रागावू शकत नव्हती, आणि रागावता येत नाही म्हणून तिला जास्तच रडू येत होतं.

तिसऱ्या दिवशी ती तुमाशकडे गेली. नाव परत घेता येतं का, म्हणून विचारलं.

तो म्हणाला, नाही.

"मग आहे कुठे ते?"

"वाटेत," तुमाश म्हणाला. मग काठीने जमीन उकरत बसला. "खोटं कशाला बोलू? मला माहीत नाही. तिच्या दाराशी जाऊन उभं असेल. दार उघडलं नाही तर काय करतं ते, मला माहीत नाही. असं आजवर कुणी केलंच नाही गं. तुझं ऐकायला नको होतं मी."

"माझ्यामागच्या त्या सगळ्या?"

मृतांच्या दिवशी कबरीवर नाव घेऊन हाक मारायची ती त्या नावाच्या जित्या माणसाने. तसं माणूस नसलं तर पलीकडे हाक पोचत नाही. लंगडी मिकीन, पटकीतली मिकीन, शिपायांपुढे आडवी झालेली, पाटा फोडणारी. सगळ्या तिच्या पाठीमागे रांगेत उभ्या होत्या आणि तिने पुढचं दार स्वतःच्या हाताने लावून घेतलं होतं.

तिथून ती एवुलकडे गेली. एवुल अंगणात मका सोलत होती आणि पेतलोन कणसाच्या केसांशी खेळत होती. दोन वर्षांची, धडधाकट, नाक अजून आजीचंच. आजीला बघताच "चिकाय" करत पायाला येऊन चिकटली. चिकायने तिला उचललं, छातीशी धरलं, आणि एवुलकडे न बघता बोलली. म्हणाली की तुझी सासू समजूतदार आहे. मावशीचं नाव तुला पुढे कधी दुसरीला देता येईल. लहान आहे अजून, सवय लागली तरी मोडते. असं बरंच काही म्हणाली.

एवुलने कणीस खाली ठेवलं.

"ती पेतलोन आहे. माझा नवरा तिला मावशी म्हणतो. परवा सासूने तिच्यासमोर बसून मावशीच्या मरणाची माफी मागितली, औषधाला उशीर केला म्हणून. ती आता तिथे बसलीये. तिला उठवून तुला बसवू?"

चिकाय पोरीला घेऊन खाली बसली.

"मी आणली होती हिला तुझ्याकडे. ओली होती अजून." एवुलचा आवाज चढला नाही, उलट खाली गेला. "आणि अजून एक सांगते, नंतर कळण्यापेक्षा आत्ताच कळू दे. बाळ व्हायच्या महिनाभर आधी अंतिलने मला विचारलं होतं. माया ठेवू का, आईला वाईट वाटेल का. तुझं देऊन झालं होतं तेव्हा. मेणबत्त्या मीच धरल्या होत्या. एक शब्द बोलले असते तर त्याने बदललं असतं."

"काय म्हणालीस तू?"

"म्हटलं, आईला काही वाटणार नाही." एवुल रडत होती. "मला वाटलं, कळू दे तिलाही, नको म्हटल्यावर कसं वाटतं."

आता चिकायने तिला मारायला हवं होतं, शिव्या घालायला हव्या होत्या, निदान उठून जायला हवं होतं. तिने पोरीला एका मांडीवर सरकवलं आणि दुसऱ्या हाताने एवुलचं डोकं आपल्या खांद्यावर ओढलं. तशा तिघी बराच वेळ बसल्या. कोंबड्यांनी सोललेला मका खाऊन टाकला, पण कुणी त्यांना हाकललं नाही.

"आजच फोन करते त्याला," एवुल म्हणाली. "सांगते सगळं. बदलेल तो. कागद बदलता येतात तिकडे."

"अजिबात नाही."

"अगं पण—"

"नाही म्हटलं ना. काय सांगशील? की आई तुझ्यामुळे बिननावाची झाली? मग तो पोरीला हाक मारताना दर वेळी अडखळेल. आयुष्यभर. बापाने हाक मारताना अडखळायचं नसतं, पोराला कळतं ते." तिने पदराने आधी पेतलोनचं नाक पुसलं, मग स्वतःचं. "पोर आधीच कुणाच्याच जागेवर नाहीये. तिला बापाची हाक तरी धड मिळू दे. शपथ घे माझी."

एवुलने शपथ घेतली, आणि ती पाळली. यिचोकमध्ये हे सगळ्यांना कळलं, अर्थातच कळलं, पण ओमाहाला कुणी कळवलं नाही. गावाची एवढी एक गोष्ट मला आवडते. लोक तिला चिकाय म्हणत राहिले. मागून हाक मारून चिडवणं तेवढं आपोआप बंद झालं.

रविवार येत राहिले. चिकाय वेणी घालून पेरूखाली जायची. बाळाचे डोळे उघडले, मान धरली, पहिल्यांदा हसलं. हे सगळं तिने काचेतून पाहिलं, आणि बाळासाठी तिचा जीव तुटायचा तो आपल्या नावापायी नव्हे, हे हळूहळू तिच्याच लक्षात येत गेलं. ही चिमुरडी एकटी होती. ती रडली तर कुणी पाठीमागे उभं राहून हिच्या तोंडाने रडत नव्हतं. हिच्याकडे कुणी चार अंडी घेऊन जुनं भांडण मिटवायला येणार नव्हतं. हिचा बाप मरताना पाणी मागेल तेव्हा नुसतीच मुलगी असेल तिथे.

ऑगस्टमध्ये, मका डोक्याच्या वर गेला असताना, अंतिलने बाळाला जमिनीवर गोधडीत पालथं घातलं आणि फोन समोर टेकवला. पाच महिन्यांची झाली होती. दोन हातांवर छाती उचलून इकडे तिकडे बघत होती.

"आता हाक मारली की वळते," तो म्हणाला. "मार ना तू. तुझ्या आवाजाला वळते का बघू."

एवुलने आईकडे पाहिलं आणि फोन धरलेला हात खाली घेतला. चिकायने तिचं मनगट धरून तो पुन्हा वर आणला.

हे नाव तिने आजवर एकदाही तोंडाने उच्चारलं नव्हतं. बाळ, पोर, सोन्या, असं म्हणून भागवलं होतं. तिने ओठ ओले केले. एक क्षण, अगदी एकच क्षण, तिला वाटलं की दुसऱ्या नावाने मारून बघावी. पाच महिने दाराशी उभं असेल ते, आजीचा आवाज ऐकून दार किलकिलं होईलही. कुणाला कळलं असतं? अंतिलला वाटलं असतं, म्हातारी घोटाळली.

"माया," तिने हाक मारली.

बाळ वळलं. झटकन, सगळं डोकं वळवून, थेट तिच्याकडे. बिनदाताचं तोंड उघडून हसलं. तिकडे येसेनियाने टाळ्या वाजवल्या. बाळाला आपलं नाव माहीत होतं आणि ते त्याला पुरेसं होतं. दाराशी कुणी उभं आहे असं त्या चेहऱ्यावर कुठेही नव्हतं.

चिकाय बघत राहिली. मग मका हलला, वारा आला आणि चित्र थांबलं, बाळ हसता हसता तसंच थिजलं. आवाज मात्र येत होता.

"आई?" अंतिल म्हणाला. "आई, दिसत नाहीयेस. आई, आहेस का?"

तो शब्द तिने मेणबत्त्यांसमोर देऊन टाकला होता. त्याला ओ द्यायचा तिला हक्क नव्हता, आणि आजवर दर रविवारी ती मान हलवून किंवा भलतंच काही बोलून वेळ मारून नेत आली होती. ती थोडी थांबली. तिकडून दुसरं कुणी ओ देतं का, ते कान देऊन ऐकत राहिली.

"आई?"

दुसरं कुणीच नव्हतं.

"हो रे बाळा," ती म्हणाली, "आहे."